एकूणबाईंच्या टेबलापुढच्या दोन खुर्च्या

आजच्या समारंभाचे अध्यक्ष महाराज, आपल्या बँकेचे संचालक महोदय, लांबून वेळ काढून आलेले प्रमुख पाहुणे, व्यासपीठावर बसलेली सगळी वडीलधारी मंडळी, ज्यांच्यासाठी आपण सगळी कामं टाकून जमलो त्या आपल्या सत्कारमूर्ती, आणि समोर बसलेल्या माझ्या आजी-माजी कर्जदार बंधू-भगिनींनो, सगळ्यांना नमस्कार.

मला पाच मिनिटं दिली आहेत. माझा धंदा केस कापण्याचा. बँकेसमोरचं दुकान माझ्या वडिलांचं, त्यांच्यामागे मी चालवते. आमच्याकडे पाच मिनिटांत फक्त गिऱ्हाइकाच्या गळ्याला कापड बांधून होतं, तेव्हा थोडं सांभाळून घ्या. अध्यक्ष महाराज माझं जुनं गिऱ्हाईक. अलीकडे त्यांना माझी फारशी गरज उरलेली नाही, पण जुना जिव्हाळा म्हणून ते मला मधेच थांबवणार नाहीत, अशी खात्री आहे.

निवृत्त होत असलेल्या आपल्या सत्कारमूर्ती वीस वर्षांहून जास्त काळ गृहकर्जाच्या टेबलावर बसल्या. यांना सगळा गाव पाठीमागे 'एकूणबाई' म्हणतो. बाई, आज पहिल्यांदा तोंडावर म्हणते, राग मानू नका. माणूस विचारायचा, हप्ता किती बसेल? बाई हप्ता सांगायच्या आणि लगेच उलट विचारायच्या, "आणि एकूण किती?" समोरचा बघतच राहायचा. कारण घर घ्यायला निघालेला माणूस दोनच आकडे पाठ करून आलेला असतो, घराची किंमत आणि महिन्याचा हप्ता. तिसरा आकडा असतो हे त्याच्या गावीही नसतं.

हे मी आजच का सांगतेय, याला कारण आहे. तिकडे चौथ्या रांगेत माझी लेक आणि जावईबापू बसलेत. लपू नका, दिसताय. दोघांनी घर बघितलंय, चांगलं आहे, हवेशीर आहे, मला आवडलं. कर्ज मोबाईलवर दहा मिनिटांत मंजूर झालं. येत्या गुरुवारी सह्या आहेत. मी विचारलं, एकूण किती फेडायचे? लेक म्हणाली, आई, असं आता कुणी बघत नाही, हप्ता परवडतो ना, झालं तर. तीस वर्षांचं कर्ज आहे, मंडळी. तिला बरोब्बर तिच्या बापासारखं बोलता येतं, म्हणून तिच्या बापाचीच गोष्ट सांगते.

आमचे हे लिफ्टचे मेकॅनिक. अडतीस वर्षांचे होते तेव्हा एक दिवस गुपचूप बँकेत आले. बायकोला न सांगता घर घ्यायचं आणि चावी हातात ठेवून तिला चकित करायचं, असा बेत. बाईंच्या टेबलापुढे दोन खुर्च्या असायच्या, हे एका खुर्चीवर बसले. बाईंनी दुसऱ्या खुर्चीकडे बोट दाखवून विचारलं, ही कोणाची? हे म्हणाले, मी एकटाच आलोय. बाई म्हणाल्या, मग एकटेच राहणार का घरात? ज्याच्या ताटातून हप्ता जाणार आहे त्याला घेऊन या, मग बोलू. आमचे हे घरी आले ते धुमसत. चावी राहिली बाजूला, चकित मीच झाले, कारण आपलं सगळं गुपित यांनी रागाच्या भरात दारातच ओकून टाकलं.

दुसऱ्या दिवशी दोघं गेलो. कर्ज वीस लाखांचं, मुदत वीस वर्षांची. बाईंनी एक यंत्र पुढे सरकवलं, साधं गणिताचं, आणि यांना म्हणाल्या, हप्ता गुणिले महिने, तुम्हीच करा. यांनी केलं, आकडा पाहिला आणि यंत्र माझ्याकडे सरकवलं. बाई म्हणाल्या, तसं नाही, तोंडाने म्हणा. आता हा माणूस उंच इमारतीच्या लिफ्टच्या खड्ड्यात दोरीला लटकून काम करतो, त्याला कशाची भीती नाही, पण तो आकडा त्याच्या घशातून बाहेर येईना. शेवटी मी म्हणाले. बेचाळीस लाखांना थोडे कमी. म्हणजे घर एक आणि किंमत दोन घरांची.

तुम्हाला वाटेल, बाईंनी आम्हाला घाबरवलं. मुळीच नाही. त्या म्हणाल्या, "घ्या, खुशाल घ्या. भाड्याच्या घरात म्हातारं होऊ नका. फक्त जे घर घेताय त्याची किंमत बेचाळीस आहे, वीस नव्हे, एवढं तोंडाने म्हणून घ्या. तरीही हवंय का?" मी म्हटलं, हवंय. यांनी पण मान हलवली. आणि मग बाईंनी सही घेतली.

संचालक महोदय, मघाशी आपण प्रास्ताविकात म्हणालात की बाईंच्या हाताला यश आहे, त्यांनी दिलेल्या कर्जातलं एकही घर लिलावात निघालं नाही. आपला मान राखून सांगते, हाताला यश वगैरे काही नाही. ज्याने किंमत तोंडाने म्हटली आहे त्याला हप्ता चुकवताना जीभ आडवी येते.

आता खरी गोष्ट. तीन वर्षं गेली. व्याजाचे दर वाढले, चांगले दोन टक्क्यांनी. सगळीकडे ओरड, याचा हप्ता वाढला, त्याचा वाढला. आणि आमच्या यांच्या मोबाईलवर बँकेचा निरोप आला की आपल्या हप्त्यात कोणताही बदल झालेला नाही. अहो, काय तो आनंद. हे कामावर गेले आणि सगळ्या मेकॅनिकांना आइस्क्रीम वाटलं. साहेबांनासुद्धा. वर त्याच आठवड्यात जुनी मोटारगाडी घ्यायची म्हणून एकाला शब्द देऊन आले. त्या निरोपाच्या खालच्या ओळी कोण वाचणार? आइस्क्रीम वितळत होतं ना.

दोन दिवसांनी एकूणबाई माझ्या दुकानात आल्या. केस कापायला म्हणून. मी कापड बांधलं, एका बाजूने कात्री चालवायला लागले. आरशातून माझ्याकडे बघत त्यांनी विचारलं, मिस्टरांचं वय काय आता? मी म्हटलं, एक्केचाळीस. निवृत्ती? साठाव्या वर्षी. मग त्या म्हणाल्या, "तुमचा हप्ता वाढला नाही, मुदत वाढली. सतरा वर्षं उरली होती, आता सत्तावीस झाली आहेत. अडुसष्टाव्या वर्षी ते लिफ्टवर चढतील का?"

माझी कात्री तिथेच थांबली. तीन वर्षांत आम्ही सव्वासहा लाख भरले होते. त्यातून मूळ कर्ज किती कमी झालं असेल? मी विचारलं, बाईंनी सांगितलं, सव्वा लाखाच्या आसपास. बाकी सगळं व्याज. आणि आता त्याच हप्त्यातलं जवळजवळ सगळंच व्याजात जाणार होतं, म्हणून मुदत रबरासारखी ताणली गेली होती. मी इतकी भांबावले की दुसरी बाजू मला धड कापताच आली नाही. पुढचे पंधरा दिवस बाई एक कान उघडा आणि एक कान झाकलेला अशा बँकेत बसल्या, पण कुणाकडे माझी तक्रार केली नाही.

त्या संध्याकाळी आमच्या स्वयंपाकघरात जे झालं त्याला भांडण म्हणणं म्हणजे महापुराला ओल म्हणण्यासारखं आहे. यांचं एकच पालुपद, हप्ता तोच आहे ना, मग तुझं पोट का दुखतंय? मी म्हटलं, हप्ता तोच आहे, पण तुमची दहा वर्षं गेली. हे म्हणाले, दहा वर्षांनी काय होईल कुणी पाहिलंय. मी म्हटलं, मी पाहिलंय, तुम्ही आत्ता जमिनीवरून उठताना टेबलाला हात लावता ते रोज पाहते. आणि खरं सांगते, तेव्हा मी रडले. पैशासाठी नाही. हा माणूस म्हातारा होऊन त्या खड्ड्यात लोंबकळतोय, असं मला समोर दिसलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी हे कामावर जायच्या आधी एकटेच बँकेच्या दारात जाऊन उभे राहिले. बाईंनी आल्या आल्या विचारलं, दुसरी खुर्ची? हे म्हणाले, तिनेच पाठवलंय. खोटं होतं ते, मी पाठवलं नव्हतं, पण बाईंनी चालवून घेतलं. मुदत पुन्हा सतरा वर्षांवर आणायची तर हप्ता किती वाढवावा लागेल? ऐका, लेकीने नीट ऐकावं. महिन्याला साधारण तेवीसशे. बस. तेवीसशेसाठी दहा वर्षं आणि सोळा-सतरा लाख परत मिळत होते. बँकेने ते मागितले नव्हते, आपणहून जाऊन 'हप्ता वाढवा' म्हणायचं होतं. आणि असं म्हणायला कोण वेडा जातो? आमचे हे गेले.

मोटारगाडी राहिली. यांनी दोन रविवारची कामं वाढवली, मी कटिंगचे दर वाढवले. त्यावर सगळ्यात जास्त कुरकुर कुणी केली होती, हे मी व्यासपीठाकडे न बघता सांगते. पुढे दर खाली-वर झाले, आणि दर वेळी जेवणाच्या सुट्टीत बाईंचा फोन यायचा. फक्त आम्हाला नाही, इथे बसलेल्या अर्ध्या सभागृहाला आलेला आहे. हात वर करा बरं. बघा, संचालक महोदय, बघून घ्या.

त्या फोनांबद्दल बाईंना वरून बोलणी बसली, हे त्यांनी कुणाला सांगितलं नाही. मला शिपाईमामांनी सांगितलं. तेव्हाचे मोठे साहेब म्हणाले होते, लोकांनी लवकर फेडलं तर बँकेचं व्याज बुडतं, तुम्ही नक्की कुणाच्या बाजूच्या? बाई म्हणाल्या, मी कर्ज फिटण्याच्या बाजूची. बढती काही त्यांना मिळाली नाही. ते साहेब आज इथे नाहीत, नाहीतर हे मी जास्त गोड शब्दांत सांगितलं असतं.

आमचं कर्ज गेल्या महिन्यात फिटलं. आमचे हे अठ्ठावन्न वर्षांचे आहेत. मागच्या वर्षी दोन्ही गुडघ्यांची शस्त्रक्रिया झाली, डॉक्टरांनी लिफ्टचं काम कायमचं बंद केलं. ते बघा, कडेला काठी टेकून बसलेत. त्या दिवशी नुसतं आइस्क्रीम खाऊन गप्प बसलो असतो तर अजून दहा वर्षांचे हप्ते शिल्लक असते, आणि भरायला हे गुडघे. त्याऐवजी ते आता सकाळी आपल्या गच्चीवर चहा पीत बसतात आणि मी दुकानाला निघाले की वरून सूचना देतात. बाई, ही गच्ची तुम्ही दिलीत. बँकेने कर्ज दिलं, गच्ची तुम्ही दिलीत.

आता सोमवारपासून आपल्या बँकेतही गृहकर्जाचं सगळं काम मोबाईलवर होणार, असं ऐकलं. प्रगती आहे, माझा विरोध नाही. टेबल मोडीत निघणार आणि त्या दोन खुर्च्याही. मी चौकशी केली आणि खुर्च्या विकत घेतल्या. रीतसर पावती आहे, संचालक महोदय, घाबरू नका. मग काल बाईंना विचारलं, मंगळवारी माझं दुकान बंद असतं, तुम्ही येऊन बसाल का, घर घेणाऱ्यांना तेच विचारायला जे बँकेत विचारत होतात? बाई म्हणाल्या, "आणि एकूण किती?" मी म्हटलं, फुकट, कुणाकडून काही घ्यायचं नाही. त्या म्हणाल्या, फुकट काही नसतं, माझे केस तुम्ही कापायचे. दोन्ही बाजूंनी.

तेव्हा लेकी, परवा मंगळवार. खुर्च्या मांडलेल्या असतील. घर घेऊ नको असं तुला कुणी म्हणणार नाही, तुझी आई तर नाहीच. फक्त दोघांनी यायचं, आकडा काढायचा, आणि जावईबापू, तो तुम्ही तोंडाने म्हणायचा. यांच्यासारखं यंत्र बायकोकडे सरकवायचं नाही. काय? येणार ना? ...मान हलवली. दोघांनी हलवली. सगळ्यांनी पाहिलंय, आता माघार नाही.

अध्यक्ष महाराजांचे, पाहुण्यांचे, बँकेच्या सगळ्या कर्मचाऱ्यांचे आणि इतका वेळ शांत बसलेल्या तुम्हा सगळ्यांचे मनापासून आभार. बाई, तुमचे आभार मानायला मला शब्द पुरत नाहीत, मी ते मंगळवारी कात्रीने मानेन. बोलण्याच्या ओघात कुणाला कमी-जास्त लागलं असेल तर आजच इथेच माफ करून टाका, शिल्लक ठेवू नका. शिल्लक ठेवलेल्याचं काय होतं ते आत्ताच सांगितलंय.