पाताळाच्या राणीवर मारलेला शेरा

...अहो, पण मी पान फाडलं का? पुस्तकावर चहा सांडला? शिवी दिली कुणाला? तुम्हाला सांगतो, मी फक्त शेरा मारला! समासात, दोन ओळी, सुवाच्य अक्षरात, खाली सही आणि तारीख. चौतीस वर्षं रेकॉर्ड विभागात कारकुनी केली, बिनसहीचा कागद माझ्या टेबलावरून कधी पुढे सरकला नाही... आणि त्या दोन ओळींपायी माझी सख्खी नात, तेरा वर्षांची, तीन दिवस माझ्याशी बोलली नाही! जेवताना बापाला म्हणते, "बाबा, त्यांना सांगा, मीठ इकडे सरकवा." त्यांना! आबांचा 'त्यांना' झाला हो!

तुम्ही पाहिलीत का तिची ती पुस्तकं? एकेक विटेएवढं, आणि असे सहा भाग! ग्रीकांचे देव, पण राहतात आजच्या शहरात. समुद्राचा देव पोहण्याच्या तलावावर शिट्टी फुंकतो, वीज पाडणारा थोरला देव वीज कंपनीत मोठा साहेब, आणि केसांऐवजी डोक्यावर साप वळवळणारी ती बाई शाळेत मुख्याध्यापिका. हे शेवटचं मला पटलं. नावं मात्र अशी, की मोठ्यानं वाचायला गेलो तर कवळी हातात येते.

यातली नायिका म्हणजे धान्यदेवीची मुलगी. सहा महिने वर आईकडे, आई बेकरी चालवते. सहा महिने खाली पाताळात, तिथल्या राजाकडे. आता मूळ कथेत हा राजा तिला पळवून नेतो, राणी करतो. या लेखिकेनं त्याला तिचा बापच करून टाकलाय! म्हटलं, असो, मुलांचं पुस्तक आहे, दुर्लक्ष करू. डाळिंबाचे दाणे तेवढे शाबूत ठेवलेत. पाताळात जो काही खाईल त्याला परत यावंच लागतं, असा तिथला नियम, आणि ही दाणे खाते. नियम मला आवडला. स्पष्ट आहे, पळवाट नाही.

पण सहावा भाग! शेवटी आई आणि बाप पाताळाच्या पायऱ्यांवर भेटतात, मुलगी मधल्या पायरीवर उभी, रडारड होते आणि ठरतं काय, तर यापुढे तिघांचं घर एकच! अहो, कुठल्या आधारावर? माझा हात खिशातल्या पेनाकडे गेलाच. लिहिलं, 'मूळ कथेस धरून नाही. सहा महिने वर व सहा महिने खाली ही व्यवस्था कायमची आहे. फेरविचारास वाव नाही.' सही. तारीख.

संध्याकाळी मुलगा पुस्तक घेऊन समोर. "बाबा, हे काय लिहून ठेवलंत?"

"मी फक्त शेरा मारला."

"अहो, ते पान तिनं दुमडून ठेवलं होतं!"

"दुमडलेलं होतं म्हणूनच तर तपासलं!"

त्यानं ते पान माझ्यापुढे धरलं. आणि मग... शाई वाळल्यावर डोक्यात उजेड पडतो माझ्या. मुलगा आणि सून वेगळे होऊन चार वर्षं झाली. पोर सहा महिने इथं, सहा महिने तिकडं आईच्या गावी. कोर्टाचा तसा हुकूम आहे, त्याची प्रत मीच फाइलला लावलीय, अनुक्रमांक घालून! येत्या रविवारी इथले सहा महिने संपणार होते. आणि पुढच्या तारखेला न्यायाधीश तिलाच विचारणार होते, "बाळ, तुला कायम कुणाकडे राहायचंय?" अशा पोरीच्या पुस्तकात कोण लिहितं हो, फेरविचारास वाव नाही? मी लिहितो! चौतीस वर्षांचा अनुभव!

तिसऱ्या दिवशी दुपारी आली. पुस्तक टेबलावर आपटलं. "खोडा हे."

मी म्हटलं, "खोडता येत नाही, बाळ. खाडाखोड म्हणजे गुन्हा. एक आडवी रेघ मारायची, खालचं वाचता आलं पाहिजे. मग कारण, सही, तारीख."

"मग कारण लिहा."

कारण आणू कुठून? कपाटातले दोन जाडे ग्रंथ काढले, म्हटलं मूळ नोंद दाखवतो हिला. एकात निघालं, वर्षाचे तीन भाग, त्यातला एक खाली. दुसऱ्यात निघालं, निम्मं-निम्मं. मी चष्मा पुसून परत पाहिलं. तेच!

"म्हणजे आबा, ग्रीकांचंच नक्की नव्हतं?"

"...नव्हतं."

"मग तुमचं कसं नक्की झालं?"

चौतीस वर्षांत एकाही साहेबानं मला असं गप्प केलं नव्हतं, तुम्हाला सांगतो! मारली रेघ. लिहिलं, 'मूळ प्रतींत एकवाक्यता नाही. शेरा रद्द.' तिनं ते दोनदा वाचलं, सहीवर बोट फिरवलं आणि हळूच विचारलं, "आबा, कोर्टातले साहेब पण अशी रेघ मारतात?"

म्हटलं, "ते रजिस्टर माझ्याकडे कधी नव्हतं, बाळ."

रविवारी सून न्यायला आली. फाटकाशीच उभी. "बरे आहात ना, बाबा?" म्हटलं, "बराय." मुलगा बॅग ठेवून देतोय, ती डिकी बंद करतेय, आणि मधे ही, एक पाय गाडीत, एक बाहेर. त्या पायऱ्यांवरच्या मुलीसारखी. पण रडारड झाली नाही, ठरलंही काही नाही. गाडी गेली.

घरात आलो, म्हटलं पेपरातलं शब्दकोडं तरी सोडवावं. खिशात हात घातला तर पेन नाही! निवृत्तीच्या दिवशी मिळालेलं, हिरव्या टोपणाचं पेन, या घरात कुणी बोट लावायचं नाही त्याला! आणि पेपराच्या समासात, माझ्याच शाईत, माझ्याच पद्धतीनं: 'घरात डाळिंब नव्हतं, म्हणून पेन नेलं.' खाली सही. तारीख.

मी... मी आधी सही तपासली, तिचीच. अहो, मी फक्त शेरा मारला होता, हिनं माझ्यावर मारला!

आता मुलगा म्हणतो, "बघा बाबा, म्हणजे येणार ती." येईल की. नियम स्पष्ट आहे. तारखेला साहेबांपुढे काय सांगेल ते मात्र आपल्या देवांना ठाऊक नाही नि ग्रीकांच्या देवांनाही नाही. आणि मी पडलो कारकून, मला पळवाटा दिसतात. पेन काय, पोस्टानंही परत पाठवता येतं... म्हणून हल्ली पोस्टमन गल्लीत दिसला ना, की मी आपला दाराला कडी लावून घेतो.