भिंगरीचे चार सूर

आत्या : हळू म्हणजे किती हळू बोलायचं, वहिनी? माझं मलाच ऐकू येईना.

आई : इतकं चालेल, वन्सं. आत भिंतींना जाड पडदे लावलेत पोरीने. फक्त खुर्ची ओढायची नाही आणि मिक्सर लावायचा नाही. मला शिंक आली तर मी बाल्कनीत जाऊन शिंकते. मान वर करा बघू, थेंब घालते.

आत्या : घाला. पण ऑपरेशन डोळ्याचं झालंय, कानाचं नाही. सकाळपासून आपली लेक चार सूर वाजवतेय. तेच ते, तेच ते. पियानो शिकायला आलेलं पोर पहिल्या आठवड्यात एवढं वाजवतं.

आई : ती मुद्दाम तेवढंच वाजवते.

आत्या : हेच तर दुःख आहे. फ्रॉकमध्ये होती तेव्हापासून माझ्यासमोर बसली. बोटं अशी पळायची की माझ्या वर्गातल्या मोठ्या मुली स्वतःचं वाजवायचं सोडून बघत राहायच्या. स्पर्धेला उभी करायची सगळी तयारी झाली, आणि नेमकी तेव्हा येऊन सांगते, आत्या, मला सिनेमा काढायचाय. मी म्हटलं, काढ बाई. पुढे मी विचारलं नाही, तिनं सांगितलं नाही.

आई : वाढदिवसाला तेवढं बोलत होता दोघी.

आत्या : त्याला बोलणं म्हणत नाहीत. आता तर सिनेमाही सोडला म्हणे. दादाला विचारलं तर अर्धं सांगितलं आणि अर्धं खाकरण्यात घालवलं. तुम्ही नीट सांगा. नाहीतरी डोळे मिटून पडायचंच आहे.

आई : सांगते. पण मध्ये मध्ये टोकायचं नाही. तुम्हीच तिला भिंगरी नाव ठेवलंत ना, एका जागी टिकत नाही म्हणून? तशीच ती घरातून गेली. सिनेमाच्या शाळेत शिकली, मग दोन-चार मोठ्या दिग्दर्शकांच्या हाताखाली राबली. ऊन नाही पाहिलं, धूळ नाही पाहिली. घरी आली की तिच्या केसांतून वाळू पडायची. मग स्वतःची फिल्म करायला घेतली. नदीवर होडी चालवणारं एक म्हातारं जोडपं होतं. पलीकडे जायला पूल बांधून होत आला होता. पूल सुरू झाला की होडी बंद. त्या दोघांचे होडीवरचे शेवटचे दिवस, एवढाच विषय.

आत्या : विषय बरा आहे.

आई : ती आणि तिचा कॅमेरामन तिथेच जाऊन राहिले. म्हातारा बडबड्या, म्हातारी गप्प. आमची बया त्या म्हातारीच्या मागे मागे. ती दोर गुंडाळतेय, हिनं ते घेतलं. ती पाय धुतेय, हिनं ते घेतलं. ढीगभर चित्रं घेऊन परत आली. मग एका नावाजलेल्या संगीतकाराकडून संगीत करून घेतलं. मी ऐकलंय ते. म्हातारी नुसती दोर गुंडाळतेय, आणि मागे अशी व्हायोलिनं नि ढोल, की वाटावं आता हिच्यावर कोणीतरी चाल करून येतंय.

आत्या : हं.

आई : भिंगरीला ते खटकत होतं, पण का खटकतंय ते सांगता येत नव्हतं. त्यात माणूस मोठा, त्याला बोलायचं कसं? महिनाभर झुरली. एक दिवस ती आणि तिचा संकलक चित्रं जोडत बसले होते. हा संकलक म्हणजे अगदी अबोल माणूस. आवाजात खरखर कुठून येतेय ते त्याला सापडेना, म्हणून त्यानं संगीत पूर्ण बंद केलं. पडद्यावर नुसतं चित्र. दोघं सँडविच खातायत, ही एका हाताने. शेजारी कोणाचा तरी जुना कीबोर्ड पडला होता, त्याच्यावर हिचा दुसरा हात. म्हातारीने दोराचा एक वेढा घातला, हिचा एक सूर. दुसरा वेढा, दुसरा सूर. संकलक चावायचा थांबला. म्हणाला, परत वाजव. हिनं विचारलं, काय? वन्सं, तिला कळलंच नव्हतं आपण काही वाजवलं ते.

आत्या : आणि त्या मोठ्या माणसाचं संगीत?

आई : काढलं. हिनं स्वतः जाऊन सांगितलं त्यांना. कसं सांगितलं ते आजवर मला सांगत नाही, पण त्या दिवशी घरी येऊन कपडे न बदलता झोपली. फिल्मला तिचेच सूर राहिले, तेही सबंध फिल्ममध्ये चार-पाच ठिकाणी. दाखवली तेव्हा मी होते हॉलमध्ये. फिल्म ठीकच होती. मी आई असून सांगते, मधला भाग मला लांबला वाटला. पण म्हातारी दोर गुंडाळायला लागली ना, तेव्हा माझ्या शेजारच्या बाईने पर्स बंद करता करता हात तसाच ठेवला. नंतर लोक हिला भेटायला आले. नदीबद्दल कोणी विचारेना. जो तो विचारतो, संगीत कोणाचं?

आत्या : तेव्हा मला कळवायला हवं होतं.

आई : मी म्हटलं तिला. म्हणाली, आत्या ऐकेल आणि विचारेल, बाकीचे सूर कुठे गेले.

आत्या : ... विचारलं असतं.

आई : पुढचं ऐका. निर्माते आले, म्हणाले, पुढची मोठी फिल्म तूच कर, आम्ही आहोत. असं दार या वयात कोणाला उघडतं? मी तर मैत्रिणींना सांगूनही मोकळी झाले. आणि ही नाही म्हणून आली. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. म्हटलं, एक काहीतरी धड धर. पियानो सोडलास, आता हे सोडतेस, उद्या काय, केस कापायला शिकणारेस? ती शांतपणे कपड्यांच्या घड्या घालत होती. म्हणाली, "आई, सेटवर चाळीस माणसं मला विचारत असतात, आता काय करायचं. आणि मी मनातल्या मनात विचारत असते, हे सगळे घरी कधी जातील, आणि मी ते चित्र घेऊन एकटी कधी बसेन. मला कोणाला 'पुन्हा कर' म्हणता येत नाही. सगळ्यांना छान छान म्हणते. मी चांगली दिग्दर्शक नाहीये, आई. बरी आहे." मी म्हटलं, मग सिनेमा सोडतेस? तर म्हणे, "सोडत नाहीये. खुर्ची बदलतेय."

आत्या : जीभ तशीच आहे तर.

आई : जीभ तशीच. पण खुर्ची बदलून संगीत करायला लागली म्हणून कोणी पाट मांडून बसलं नव्हतं तिच्यासाठी. पहिला दिग्दर्शक म्हणाला, सूर छान आहेत, पण मध्ये मोकळ्या जागा फार, त्या भरा. हिनं भरल्या. अजून भरा. अजून भरल्या. शेवटी स्वतःचंच ऐकलं तर ओळखू येईना, म्हणून हात जोडून बाहेर पडली. ते वर्ष जड गेलं. दुपारी मुलांना पियानो शिकवायची. अजून शिकवते. मी एकदा दाराशी उभी राहून ऐकलं. एका चिमुरडीला सांगत होती, मनगटावर कप ठेवला तर चहा सांडता कामा नये.

आत्या : असं म्हणाली?

आई : अस्संच. तुमच्याच आवाजात. मला वाटलं, तुम्ही आलात की काय.

आत्या : कप मी रिकामा ठेवायचे, वहिनी. हिच्यासाठी एकदाच भरलेला ठेवला होता. सांडला नाही.

आई : रडताय का? डोळ्यांना पाणी लागू द्यायचं नाहीये.

आत्या : थेंब उतरतायत तुमचे. पुढे सांगा.

आई : पुढे एक बाई भेटली. दिग्दर्शिका. स्वभावाने तिखट, पण कान तयार. तिच्या फिल्ममध्ये एक माणूस आहे, अपघातानंतर पुन्हा चालायला शिकतोय, आणि त्याची मुलगी त्याच्यासोबत. सबंध फिल्मचं संगीत भिंगरीचं. सगळं पसंत पडलं, एक शेवटचा प्रसंग सोडून. त्याचं संगीत दोनदा परत आलं. आता निर्माता म्हणतो, शेवट दुसऱ्या कोणाकडून तरी करून घेऊ, जरा भरीव हवा. बाईंनी एवढंच कबूल केलंय की आज जेवणानंतर इथे येतील, तिच्याच पियानोवर ऐकतील, आणि काय ते ठरवतील.

आत्या : म्हणून सकाळपासून तेच दळण.

आई : म्हणूनच. मला त्यातलं काय कळतं? मी डबे भरते, पाणी ठेवते.

आत्या : थांबली बघा. झाकण लावलं पियानोचं. येतेय.

भिंगरी : आई, पाणी दे ना. आत्या, तू जागीच आहेस? आवाजाचा त्रास होतोय का?

आत्या : आवाज असेल तर त्रास होईल ना.

आई : वन्सं.

भिंगरी : बोलू दे गं तिला. खरंय तिचं.

आत्या : कुठे अडलंय?

भिंगरी : राहू दे, आत्या. तुला नाही आवडायचं ते.

आत्या : आवडायचं कोण बोलतंय? अडलंय कुठे, ते विचारतेय.

भिंगरी : शेवटच्या प्रसंगात तो पहिल्यांदा एकटा रस्ता ओलांडतो. काठी नाही, कोणी सोबत नाही. मुलगी अलीकडेच थांबते. बस, एवढंच आहे. संवाद नाही. मी त्याच्यासाठी हे चार सूर घेतलेत. बाई म्हणतात, सूर बरोबर आहेत, पण ते ऐकलं की तो पडणार नाही हे आधीच कळतं. मग मुलीच्या चेहऱ्याकडे कोण कशाला बघेल? मी सूर बदलून पाहिले, कमी करून पाहिले. एकदा तर एकच उरला होता, तोही काढला असता तर मलाच काढावं लागलं असतं.

आत्या : मला चित्र दिसायचं नाही. कसा चालतो ते सांग.

भिंगरी : उजवा पाय नीट टाकतो. डावा... थांब, करूनच दाखवते. असा. मग असा.

आत्या : चप्पल काढून चाल. फरशीवर ऐकू येऊ दे.

भिंगरी : असा. मग... असा.

आत्या : भिंतीपर्यंत जा आणि ये.

आई : आत्या-भाची काय चाललंय काय तुमचं? खालचे लोक वर येतील.

आत्या : येऊ देत. हे बघ, मी सकाळपासून ऐकतेय. तुझा डावा हात घड्याळासारखा पडतो. ठरल्या वेळी, न चुकता. त्या माणसाचा पाय तसा पडत नाही. त्याला दर पावलाला वाटतंय, हा येतोय की नाही येत. तुझा डावा उशिरा येऊ दे.

भिंगरी : तू सांगतेस हे? डावा उशिरा आला म्हणून तू मला सबंध उन्हाळ्याची सुट्टी एकच पान वाजवायला लावलं होतंस. मैत्रिणी खाली खेळायच्या आणि मी वर.

आत्या : तेव्हा तो चुकून उशिरा यायचा. आता ठरवून आण. आणि दर वेळी सारखाच उशीर नको, नाहीतर त्याचंही घड्याळ होईल. एकदा थोडा, एकदा पुष्कळ. एकदा इतका की बाईंचा श्वास अडकला पाहिजे.

भिंगरी : सूर तेच ठेवू?

आत्या : सुरांना काय झालंय? चांगले आहेत की.

आई : ऐकलंस का गं? चांगले आहेत म्हणाली.

भिंगरी : ऐकलं, आई. जाते मी. डोक्यात ताजं आहे तोवर करून बघते.

(आत पियानोचं झाकण उघडल्याचा आवाज. दार उघडंच राहिलं आहे. उजव्या हाताचा एक सूर. बऱ्याच वेळाने डावा. मग दोघांमधलं अंतर कमी-जास्त होत राहतं. वाजवणं थांबतं. स्वयंपाकघरात आत्या मान आईकडे वळवते.)

आत्या : वहिनी.

आई : हं?

आत्या : पोचला का हो तो पलीकडे?

आई : मला काय माहीत? मी कुठे पाहिलीय फिल्म?

आत्या : मलाही कळलं नाही. बरं झालं.

भिंगरी : आत्या? झालं ना?

आत्या : एकदा डावा फार लवकर आला, मधोमध. घाबरलीस तू तिथे. तेवढं सांभाळ.

भिंगरी : आला खरा. आणि बाकी?

आत्या : बाकी तुझ्या बाई आल्या की असंच वाजव, दार लावू नकोस. कधी येणार म्हणालीस?

भिंगरी : जेवण झालं की येतीलच. का गं?

आत्या : वहिनी, तो कंगवा द्या जरा इकडे. केस विंचरून बसते.