कोमट पाण्यातला प्लाझ्मा

“विश्वात जे जे दिसतं, त्यातलं नव्याण्णव टक्के प्लाझ्मा आहे!” रक्तपेढीत माझ्या बाकासमोर येरझारा घालत भौतिकशास्त्राचे निवृत्त सर लेकीला म्हणाले.

“बाबा, आईला दोनच पिशव्या हव्यात.”

“सूर्य प्लाझ्मा, आकाशातली वीज प्लाझ्मा. हजारो अंश तापमान!”

“हा रक्तातला आहे. गोठवलेला. कोमट पाण्यात वितळतोय.”

“मग उकळतं ओता म्हणावं! ती तिकडे ऑपरेशनच्या टेबलावर, आणि हे कोमट करत बसलेत.”

“उकळत्या पाण्यात नासतो तो. दोनदा सांगितलं त्यांनी.”

“मला उष्णता शिकवतायत?”

“आई म्हणते, तुम्हाला साधं दूध तापवता येत नाही.”

“म्हणू दे की! घरी येऊन म्हणू दे.”

“पिशव्या तयार आहेत, या,” खिडकीतून हाक आली.

“पळ, मी आलोच. पण आधी एवढी बुटाची नाडी बांध गं. माझे हात ऐकत नाहीयेत.”