कपाटावरचा टॉवेल

हॅलो?… हो, तुझी आईच बोलतेय. दुसरं कोण असणार घरात?… नाही, बिघडला नाही तुझा तो कपाटावरचा कॅमेरा. मीच टॉवेल टाकलाय त्याच्यावर… कुठला म्हणजे? हात पुसायचा.

अगं ऐक… ऐकून तर घे… मुंगी बरी आहे. पडली नाही, रडली नाही. समोर बसलीये, एका पायात बूट घालून.

का टाकला? सांगते ना. मघाशी ती लेस बांधत होती. कधीपासून झटतोय आम्ही दोघी. आज पहिल्यांदा फास जमला, जीभ बाहेर काढून, श्वास रोखून. आणि कपाटावरून तुझा आवाज, ‘मुंगी, ऊठ, गणिताचा क्लास सुरू झाला.’ दचकली पोर. सुटलं सगळं.

हो, बुडाला क्लास. बुडू दे. पाच वर्षांची आहे ती, कंपनी चालवायची नाहीये तिला.

काय?… मी आगाऊपणा करते? बरं. जन्मभर पोरं शिकवली मी. भिंतीला कान असतात हे ऐकून होते. डोळे आणि तोंडही फुटलेलं तुझ्याच घरात बघितलं.

हळू बोल, ऑफिसात ऐकतील… कुठे आहेस? जिन्यात? जिन्यात कशाला?… जागेवरून उठलं की कळतं त्यांना? म्हणजे माउस हलला नाही तर… आणि पाणी प्यायचं झालं तर?… जेवलीस का?… अगं, संध्याकाळ व्हायला आली.

म्हणजे ते तुझ्यावर डोळा ठेवणार आणि तू आमच्यावर. छान चाललंय.

हो, चिडलेच आहे. तुझ्यावरही आणि तुझ्या त्या साहेबावरही… त्याला बोलता येत नाही म्हणून मला बोलतेस, कळतं मला… बोल. पण पोरीला नको.

काल तिला विचारलं, आई कुठे गेली गं? मला वाटलं, ऑफिसात म्हणेल. तिनं कपाटावर बोट दाखवलं… हो. त्या कॅमेऱ्याच्या डबीकडेच.

हॅलो?… आहेस ना?… नाक पूस आधी.

थांब, तिला देते. मुंगे, आईचा फोन… घे ना… का नको?… काय म्हणालीस?

ऐकलंस?… नाही ऐकू आलं? म्हणतेय, आजी, टॉवेल काढ, आईला अंधारात भीती वाटेल.

…

नाही, मी नाही काढणार. तू ये आणि काढ. आजच, उजेड आहे तोवर… साहेबाला काय सांगू म्हणून मला काय विचारतेस? सांग, घरी टॉवेलखाली अडकलेय.

ठेवते. लेस पुन्हा हातात घेतलीये तिनं.