क्लेटन म्हणजे मातीचं गाव

छाया: खरं सांगा, टॅक्सीने आलात ना? शेजारच्या रुखसारने पाहिलं तुम्हाला खाली उतरताना.

गुणवंत: आलो. एक दिवस टॅक्सीने आलो तर आभाळ कोसळलं का?

छाया: सोळा वर्षांत अल क्वोजच्या ऑफिसातून घरी कधी टॅक्सी केली नाहीत तुम्ही. अंगात ताप असताना बसने आलात. साठ दिरहॅम, म्हणजे चौदाशे रुपये! काय झालं ऑफिसात? सही केलीत?

गुणवंत: आधी पाणी दे.

छाया: म्हणजे केलीत. अहो, सकाळी दारात उभं राहून मी काय सांगितलं होतं? कागद घरी आणा, मिहिका वाचेल, मग बघू. सांगितलं होतं की नाही?

गुणवंत: घरी न्यायला देतच नव्हते तो कागद. एचआरची पोरगी समोर बसलेली. चांगली होती बिचारी, चहा मागवला माझ्यासाठी. म्हणाली, सर, नोकरी तर गेलीच आहे, ही फक्त फॉर्मॅलिटी. सही केल्याशिवाय फाइल पुढे सरकणार नाही.

छाया: आणि तुम्ही लगेच पेन उचललं.

गुणवंत: लगेच नाही. मी म्हटलं, मॅडम, या कागदावर लिहिलंय की क्लेटन हे नाव कंपनीचं आहे आणि पॅकिंग-मूव्हिंगच्या धंद्यात मी ते परत वापरणार नाही. फोनवर नाही, कार्डवर नाही, व्हॉट्सअ‍ॅपवर नाही. पण सोळा वर्षं क्लेटन मीच आहे. तर ती म्हणाली, सर, पासपोर्टवर क्लेटन आहे का? मी म्हटलं, नाही, गुणवंत आहे. मग प्रॉब्लेम काय आहे, सर?

छाया: मग?

गुणवंत: मग काय. पेन उचललं, छाया. खोटं काय बोलली ती?

छाया: असं कसं उचललं! बाहेर पडताना तिच्या तोंडावर फेकायचं होतं, इथल्या निम्म्याअधिक गोऱ्या बायकांच्या काचेच्या कपाटांना हात लावायची परवानगी कोणाला होती म्हणून. गुणवंतला कोण ओळखतं इथे? फोन आला की तो क्लेटनला. नाताळला केक आला की त्यावर "क्लेटन अँड फॅमिली". मला सुद्धा पार्किंगमध्ये मिसेस क्लेटन म्हणून हाक मारली होती एकीने. मी वळले पण होते.

मिहिका: बाबा, दे कान्ट ओन अ नेम. इट्स जस्ट अ नेम!

छाया: तू अभ्यास कर.

मिहिका: आय अ‍ॅम स्टडिंग. यू गाइज आर शाउटिंग.

गुणवंत: ओरडत नाही गं कोणी. कर तू तुझी केमिस्ट्री.

छाया: आणि जहूरभाई? त्यांना काय सांगणार? आज चारला फोन करतो म्हणाले होते ना?

गुणवंत: टॅक्सीतूनच केला मी.

छाया: काय म्हणाले? अहो, तोंड उघडा की! रास अल खोरला त्यांच्या मूव्हिंग कंपनीत खुर्ची रिकामी आहे, परवापासून या, व्हिसा मी टाकतो, असं स्वतः म्हणाले होते ते. रत्नागिरीची माणसं शब्दाला पक्की असतात, असं म्हणत मी त्यांच्या बायकोला, शहनाझला, डबाभर करंज्या दिल्या.

गुणवंत: शब्दाला पक्केच आहेत. म्हणाले, गुणवंतशेठ, तुमच्यावर माझा जीव आहे, पण माझ्याकडे गाडीवर चार गुणवंत आहेत. मला क्लेटन पाहिजे होता. इंग्लिश मेमसाहेब फोन उचलून क्लेटनला विचारते. तो तुम्ही घेऊन येणार होतात. आता तो नाही, तर मी माणूस घेऊन काय करू? खलास.

छाया: खलास म्हणाले?

गुणवंत: इन्शाल्ला, पुढे कधी बघू, असंही म्हणाले. त्याचा अर्थ तोच.

छाया: मग आता मला स्पष्ट सांगा. आज डिसेंबरची बारा तारीख. व्हिसा कॅन्सल झाला की इथे राहायला दिवस किती?

गुणवंत: दोन महिने मिळतील. फेब्रुवारीच्या मध्यापर्यंत.

छाया: आणि हिचा पहिला पेपर?

मिहिका: सेव्हन्टीन्थ फेब्रुवारी. लास्ट वन इज इन एप्रिल.

छाया: ऐकलंत? बारावी, अहो! बारावी आहे तिची! परीक्षेचं सेंटर आता बदलत नाही. पहिल्या पेपराच्या आधी पोरीला उचलून विमानात बसवायचं?

गुणवंत: मला कळत नाही का ते?

छाया: कळत असतं तर सही केली नसतीत.

गुणवंत: सही केली नसती तर हिशेबाच्या पैशांसाठी महिनाभर गेटवर उभं ठेवलं असतं मला. त्या सूर्यकांतला ठेवलं होतं ना? शेवटी तो कंटाळून डोंबिवलीला गेला.

छाया: सूर्यकांत म्हणजे तो प्रेस्टन?

गुणवंत: हो. प्रेस्टन.

मिहिका: वेट, तुम्हा सगळ्यांना नावं कंपनीने दिली होती?

गुणवंत: दिली नव्हती, निवडायची होती. पहिल्याच दिवशी बोर्डवर यादी लावलेली. प्रेस्टन, डाल्टन, वेस्टन, क्लेटन, ब्रॅडली. साहेब म्हणाला, कस्टमरच्या तोंडात बसेल असं एक घ्या. बाकीच्यांनी पटापट घेतली. मी म्हटलं, अर्थ माहीत नसलेलं नाव मी नाही लावणार. रिसेप्शनच्या कॉम्प्युटरवर बसून एकेक शोधलं. प्रेस्टन म्हणजे भटांचं गाव. ते सूर्यकांत जोशीने घेऊनच टाकलं होतं, न बघता. इतका हसलो मी! डाल्टन म्हणजे खोऱ्यातलं गाव. वेस्टन म्हणजे पश्चिमेचं, ते हमदुल्लाने घेतलं. आणि क्लेटन म्हणजे मातीचं गाव.

मिहिका: सो इट्स अ प्लेस नेम.

गुणवंत: आधी गावाचं नाव. मग त्या गावच्या माणसांचं आडनाव, आपल्याकडे रोहेकर, पेणकर असतात तसं. मग कधीतरी त्यांनी तेच मुलांना ठेवायला सुरुवात केली. मला ते फार आवडलं. म्हणजे पोरगा कुठेही गेला तरी गाव त्याच्याबरोबर जातं.

छाया: आबांना फोन केला होतात त्या रात्री. मी शेजारी होते. किती खूश झाले होते.

मिहिका: आजोबा? व्हॉट डिड ही से?

गुणवंत: म्हणाले, मातीचं गाव? म्हणजे इंग्रजांच्या मुलखात पण आपल्यासारखे मूर्तींचे कारखाने असणार. विचार जरा, शाडू कुठून आणतात ते.

छाया: त्या गोष्टीवर तर यांनी अख्खा धंदा केला. फोन उचलला की सुरू. मॅडम, क्लेटन मीन्स द टाउन ऑफ क्ले. माझे वडील मातीचे गणपती करायचे, पेंढ्यात बांधून ट्रकने मुंबईला पाठवायचे, चाळीस वर्षांत एका मूर्तीचं बोट मोडलं नाही, तुमचा डिनर सेट काय घेऊन बसलात!

गुणवंत: मग? पटायचं त्यांना. समोरून आवाजच बदलायचा.

छाया: वडखळचं तेवढं कधी सांगितलं नाहीत.

मिहिका: व्हॉट वडखळ?

गुणवंत: काही नाही.

छाया: सांगा की. आता काय लपवायचंय? एका वर्षी वडखळ नाक्याला ट्रक कलंडला, बाळा. ऐंशी मूर्ती. आबा रस्त्याच्या कडेला बसून सोंडा गोळा करत होते. हे तेव्हा दहावीत, बाजूला पोतं धरून उभे.

गुणवंत: गिऱ्हाइकाला मोडल्याचं कोण सांगतं, छाया? आबांनाच विचारलं होतं मी. ते म्हणाले, ते घरातलं आहे, घरात ठेव.

छाया: मला एक सांगा. तुम्हाला काढलं, कारण काम कॉम्प्युटर करणार. बरोबर? मग कॉम्प्युटरला क्लेटन कशाला हवाय? नाव एवढं लिहून का घेतलं?

गुणवंत: नवा कोणीतरी बसवतील खुर्चीत. कस्टमर तुटू नये म्हणून.

मिहिका: बाबा.

गुणवंत: काय गं?

मिहिका: मी तुमच्या कंपनीची वेबसाइट उघडली. इट सेज, "आस्क क्लेटन. ट्वेन्टी फोर सेव्हन. फॉर्टी लँग्वेजेस." नंबर पण आहे.

छाया: चाळीस भाषा? हे बोलतात चार, त्यातली अरबी यल्ला-हबीबीपुरती.

गुणवंत: दाखव. ...कधी टाकलं हे?

मिहिका: बाबा, त्यांनी तुला रेकॉर्ड केलं होतं का कधी?

गुणवंत: उन्हाळ्यात केलं ना. रोज दोन तास, सहा आठवडे. मागच्या खोलीत एसी बंद करून, आवाज स्वच्छ यायला पाहिजे म्हणून. पण ते ट्रेनिंगसाठी होतं. नव्या मुलांना माझे फोन ऐकवणार म्हणाले. सगळं बोला, सर, तुमच्या स्टाइलने, काही राखू नका.

छाया: मी शिरा केला होता त्या दिवशी.

गुणवंत: हो. बदाम घालून.

छाया: तुम्ही म्हणालात, अख्ख्या ऑफिसातून मलाच निवडलं.

गुणवंत: मलाच निवडलं होतं, छाया.

छाया: मिहिका, लाव तो नंबर. लाव म्हणते ना! मला ऐकायचंय.

(फोन स्पीकरवर लागतो. दोनदा रिंग जाते.)

आवाज: हॅलो, क्लेटन हिअर! मूव्हिंग इन, ऑर मूव्हिंग आउट?

मिहिका: ओ माय गॉड.

छाया: अहो... हे तुम्ही आहात. हा तुमचा आवाज आहे! हॅलो? कोण बोलतंय? कोण रे तू?

आवाज: नमस्कार! मी क्लेटन. आपण मराठीत बोलू या. मी आपल्याला कशा प्रकारे साहाय्य करू शकतो?

छाया: साहाय्य! बातम्या दिल्यासारखा बोलतोय, पण घसा यांचाच. नाव काय म्हणालास?

आवाज: क्लेटन.

छाया: म्हणजे काय?

आवाज: फार छान प्रश्न विचारलात. क्लेटन म्हणजे मातीचं गाव. माझे वडील मातीच्या मूर्ती घडवत असत. पेंढ्यात बांधून ते त्या ट्रकने दूरच्या शहरात पाठवत. चाळीस वर्षांत एकाही मूर्तीचं बोट मोडलं नाही. आपलं सामानही मी तितक्याच मायेने—

छाया: गप्प बस! तुझे वडील? मेल्या, तुला वडील कुठून आले? यांचे आहेत ते! नाव घेतलंत, पोरीची परीक्षा बुडवलीत, आता आमचे आबा पण घेतलेत? लाज नाही वाटत?

आवाज: आपल्या भावना मी समजू शकतो. घर बदलणं हा तणावाचा काळ असतो.

मिहिका: आई, डोन्ट. ते माणूस नाहीये. आई, रडू नकोस ना, प्लीज.

गुणवंत: इकडे दे फोन.

छाया: काय बोलणार तुम्ही त्याच्याशी? ठेवा तो.

गुणवंत: दे. ...हॅलो.

आवाज: नमस्कार, सर! आपण कुठून कुठे जात आहात?

गुणवंत: अल कुसैस. अल कुसैस टू पेण. इंडिया.

छाया: अहो, हे काय करताय?

आवाज: उत्तम. दिनांक?

गुणवंत: फेब्रुवारी. सोळाच्या आत.

मिहिका: बाबा...

आवाज: नोंद केली. घर किती मोठं आहे, सर?

गुणवंत: वन बेडरूम. मधे पार्टिशन आहे, मुलीला अभ्यासाला. ते इथेच राहील. चाळीस खोकी धर. पस्तीसमध्ये सुद्धा बसेल नीट भरलं तर.

आवाज: नाजूक वस्तू काही?

गुणवंत: देवघरात एक गणपती आहे. वीतभर. शाडूचा आहे, माझ्या वडिलांच्या हातचा.

आवाज: आपण निश्चिंत राहा, सर. माझे वडील हेच काम करत. चाळीस वर्षांत एकही मूर्ती मोडली नाही.

गुणवंत: मोडल्या होत्या. वडखळला. ऐंशी होत्या.

आवाज: माझ्याकडे तशी कोणतीही माहिती नाही, सर. एकही मूर्ती मोडली नाही.

गुणवंत: मी होतो तिथे. पोतं धरून उभा होतो.

आवाज: आपला काहीतरी गैरसमज होत असेल. एकही नाही.

छाया: ठेवा हो फोन. पाया पडते तुमच्या.

गुणवंत: ...बरं. तू म्हणतोस तर नसतील मोडल्या.