वैनीच्या भांडणाची पुण्याई

कोर्टातल्या साक्षीच्या दिवशी लातुरात असं ऊन पडलं होतं की रस्त्याच्या डांबराला चप्पल चिकटत होती.

मी आमच्या गावात नगरपालिकेच्या नोकरीत नळाचे वॉल सोडायचो. रिटायर व्हायला दोन महिने असताना साहेब लई बोलला, अन् मी रागात राजीनाम्यावर अंगठा दिला. दुसऱ्या दिवशी साहेबच म्हणाला, "जाऊ द्या मामा, या कामावर." मी गेलो. कागद मात्र फायलीतच राहिला. पुढं नवा साहेब म्हणाला, "राजीनामा दिलेल्याला पेन्शन नसती. त्यानंतरची तुमची हजेरी बी सापडंना."

आता मी कामावर होतो, हे सांगणार कोण? माझ्या वकिलानं शेजारच्या गल्लीतल्या गंगावैनीला साक्षीला उभं केलं.

जजसाहेबांनी विचारलं, "त्या दोन महिन्यांत हे कामावर होते, कशावरून?"

"माझ्या पोरीचं लगीन तवाच होतं, साहेब. घरात पाव्हणे, अन् हे आमच्या गल्लीला पाणी दहा मिनिटं कमी सोडायचे. रोज पहाटे वॉलवर जाऊन भांडले मी. एक दिवस चुकला न्हाई. ना त्यांचा, ना माझा!"

जजसाहेबसुद्धा हसले.

पेन्शन चालू झाली तसा मी पेढे घेऊन वैनीच्या दारात गेलो. हात जोडून म्हणलं, "वैनी, तुमच्या भांडणानं माझं म्हातारपण तारलं. हे उपकार कसे फेडू?"

वैनीनं पेढा तोंडात टाकला अन् म्हणाली, "खरं सांगून फेडा, भावजी. ती दहा मिनिटं कोणत्या गल्लीला द्यायचात?"