मशीनमधला कागद

— न्हाय ओ ताई, तुमच्या हवा तपासायच्या मशीनला कुणी हात न्हाय लावला, कोण लावील, दिवसभर गेटवर मीच असतो ना — देवू वॉचमन, वळ गावात कुणालाबी विचारा. चहा घ्या. मागल्या खेपेला तुमीच मोबाईलवर चित्र दाखवलंत — येक युनिट लाइट बनवायला कोळशाचा धूर किती, गॅसचा किती, पवनचक्कीचा किती, सोलरचा किती, जन्मापासून मरणापर्यंत सगळा धरून — कोळशाचा खांब ताडायेवढा आन् सोलरचा करंगळीयेवढा. आन् त्यातला मरणाचा आकडा आमच्या गोडाऊनवरनं काढला, कारण मेलेली सोलरची पॅनेलं इथं तोडायला येतात. तिथं काय लिवलंत? धूर जवळजवळ न्हाय. मंग, न्हायच येणार. मशीनमधला हवा गाळणारा कागद आठवडाभर वापरून पाकिटात घाला, असं तुमी सांगून गेलात — पण तो काळाकुट्ट व्हायचा, पाहुण्यांच्या हातात असा मळका कागद कसा द्यायचा? मी तो फेकून द्यायचो, सकाळी दोन तास नवा लावायचो, तोच पाकिटात. साफसफाई, दुसरं काय. शेठनी सांगितलं? छे, शेठ कशाला सांगतील — सांगितलं व्हतं. येकदाच. देवू, पाहुण्यांचं मशीन साफ ठेव, येवढंच. मला अडाण्याला काय कळतं — कळत व्हतं, ताई. पत्र्यामागं पॅनेलं जाळतात, प्लास्टिक वितळलं की तांब्याची पट्टी सुटते, आन् तो धूर सरळ माझ्या खोलीत येतो, मला न्हाय कळणार?

आत बुधी झोपलीय, माझी बायको. ती घरघर ऐकताय ना — पंखा न्हाय तो, तिची छाती हाय. भिवंडीत डॉक्टरनं विचारलं, घरात चूल हाय का? मी हाय म्हणालो. चूल सहा वर्सं बंद हाय. त्यानं लिवलं, चुलीचा धूर. आता तिच्या कागदावर चूल, तुमच्या कागदावर काय न्हाय — मंग ती मरतेय कशानं?

मागं बघू नका. मुकादम आलाय, चार वाजले की ढीग पेटवतो. या आठवड्याचा कागद मी बदलला न्हाय. मशीनमधेच हाय. इथं उघडू नका, मशीन तसंच बॅगेत घाला — हां. चहा छान व्हता म्हणा, जरा मोठ्यानं. हायवेवरच्या मानकोली नाक्यापर्यंत कुठं थांबू नका. आन् नंबर नका देऊ मला, मी वॉचमन हाय, मला काय म्हाईत न्हाय. निघा.